बारा वर्षांचं ‘हो, छान’

लग्नाला बारा वर्षं झाली होती. नवरा जवळ आला की दुखतं, ही तक्रार घेऊन मी एका डॉक्टर बाईंकडे गेले. त्यांनी तपासलं आणि विचारलं, "तुला काय आवडतं ते नवऱ्याला सांगतेस कधी?"

"नाही."

"मग त्यांना कळणार कसं? घाई नको. आणि तोंडानं सांग."

शाळेत मी पन्नास पोरांना दिवसभर हिंदीत सूचना देते, पण हे सांगायला मला आठवडा लागला. शेवटी एका रविवारी सासूसासरे पनागरला लग्नाला गेले, मुलगी ड्रॉइंगच्या क्लासला. थंडीची दुपार होती. रजईत शिरून एका दमात म्हटलं, "अहो, तुम्ही फार घाई करता. मला मजाच येत नाही."

नवरा फॅक्टरीत मालाची तपासणी करतो. तो उठून बसला आणि चष्मा लावला.

"चष्मा काहून?"

"नीट ऐकू येते."

मग त्याचा चेहरा पडला. "पण तू तर दरवेळी ‘हो, छान’ म्हणायची!"

"ते मी तुमच्या आईच्या कढीलाही म्हणते."

त्यानं चष्मा काढून पुसला, पुन्हा लावला. मग म्हणाला, "चलो. शुरू से बता."

मी सांगितलं. आधी मान, मग पाठ, सावकाश. पुढे मराठी शब्द सापडेना आणि हिंदीतला शिवीसारखा वाटला, म्हणून त्याचा हातच धरून तिथे ठेवला. "हलकं. अजून हलकं. हं, असंच. थांबू नका."

तो थांबला. "बरोबर आहे ना?"

"बरोबर आहे म्हणूनच थांबू नका म्हटलं!"

असं तीनदा झालं. चौथ्यांदा खालून भाजीवाल्यानं हाक मारली, "दीदी, मटर!"

"आज नहीं, भैया!" नवरा खिडकीकडे तोंड करून ओरडला, पण हात थांबला नाही. मला हसू आवरेना, आणि त्या हसण्यातच बारा वर्षांत जे झालं नव्हतं ते झालं. डोळ्यांतून पाणी आलं.

तो घाबरला. "काहून रडून राहिली? दुखलं?"

"नाही हो. झालं."

"काय झालं?"

तेही समजावून सांगावं लागलं. ऐकून तो इतका खूश झाला की उठून आलं किसून चहा केला. कप हातात देताना हळूच विचारलं, "पण आधी दुखत होतं का?"

"हो. आज नाही दुखलं."

"मग मला काहून नाही सांगितलं?"

मी सरकून त्याला रजईत जागा करून दिली.