फितीवरचं नाव

त्या वृद्धाश्रमात धुलाईच्या खोलीत काम करणाऱ्या बाईला सगळे टाकेवाली म्हणत. तिचं खरं नाव पगाराच्या दिवशी तेवढं पुकारलं जायचं, आणि तेव्हाही दुसरी हाक आल्याशिवाय ती उठायची नाही. काम तसं साधं. सगळ्या म्हाताऱ्यांचे कपडे एकाच मोठ्या मशीनमध्ये घुसळून निघायचे. मग कुणाची बंडी कुणाच्या अंगात जाऊ नये म्हणून प्रत्येक कपड्याच्या आत पांढरी फीत लावायची आणि तिच्यावर लाल दोऱ्यानं नाव घालायचं. कॉलरला, कमरपट्टीला, अगदी मोज्यालासुद्धा. माणूस गेला की फिती उसवायच्या आणि कपडे दुसऱ्याला द्यायचे. घालायचं तिनं आणि उसवायचंही तिनंच.

पण नाव घेतलं आणि गुमान शिवत बसली, असा काही बाईचा स्वभाव नव्हता. नवा माणूस आला की ही स्टूल ओढून त्याच्यासमोर हजर. "नाव कुणी ठेवलं हो तुमचं? अर्थ काय त्याचा?" म्हाताऱ्या माणसांना एरवी विचारतो कोण? गोळी घेतली का, पोट साफ झालं का, एवढंच. नावाचं विचारलं की त्यांची कळी खुलायची. एका आजीच्या नावाचा अर्थ होता 'पुरे', कारण ही पाचवी मुलगी आणि बाप वैतागलेला. एका आजोबांकडे बापाचं नाव हेच मुलाचं आडनाव व्हायचं, त्यामुळे घरात आजा, बाप, नातू अशी तीन माणसं आणि आडनावंही तीन. एकाची भावंडं जगत नव्हती, म्हणून आईनं त्याचं नाव 'केर' ठेवलं, मरणालाही तो उचलावासा वाटू नये म्हणून. तो केर आता नव्वदीला टेकलाय आणि आमटीत मीठ कमी म्हणून रोज स्वयंपाकिणीचं डोकं खातो. एका मास्तरांचं आडनाव लोहाराचं, पण साधी काडी ओढायची तर हात थरथरतो. आणि एका विधवेचं आडनाव म्हणजे तिच्या सासऱ्याचं गाव. ते धरणाच्या पाण्यात कधीच गेलं, आडनाव तेवढं कोरडं राहिलं.

टाकेवालीजवळही एक नाव होतं, कुणाच्याही अंगाला न लागलेलं. तिच्या सासरी आजोबांचं नाव नातवाला द्यायची रीत. हिनं मात्र पोटात असतानाच हट्ट धरला, की माझ्या मुलाला कुणाचं उतरलेलं नाव नको. स्वतः शोधून काढलं होतं तिनं. अर्थ होता 'टिकून राहणारा'. मूल जन्मलं ते रडलंच नाही. सासू म्हणाली, "अजून नावसुद्धा ठेवलं नव्हतं, मग रडायचं कुणाच्या नावानं?" नवऱ्यानंही मान डोलावली. पुढं मूल झालं नाही, नवराही गेला, आणि ते नाव बाईच्या उरात तसंच पडून राहिलं, न घातलेल्या झबल्यासारखं. ती मेली, ती सासू, म्हणून जास्त बोलत नाही. पण असं बोलणाऱ्याच्या जिभेला काही हाड?

तर एका थंडीच्या सुरुवातीला पोलिसांनी एक उंच, काटकुळा म्हातारा आणून सोडला. बसस्टँडवर सापडला होता. खिशात काही नाही, आणि डोक्यातही काही नाही. स्वतःचं नाव विचारलं की ओशाळून हसायचा. मॅनेजरबाईंनी त्याला 'तेरा नंबर' करून टाकलं, कारण खाट तेरावी. सगळ्या म्हाताऱ्यांनी मग त्याच्यावर नावांचा मारा केला. ज्याला जे आठवेल ते तो ओरडून बघायचा. 'केर'आजोबांनी तर आपल्या मेलेल्या मेहुण्यांची सगळी नावं संपवली. म्हातारा एकाही हाकेला वळला नाही.

नाव नाही म्हणून फीत नाही, आणि फीत नाही म्हणून त्याचा एकही कपडा परत जागेवर यायचा नाही. कधी आखूड विजार, कधी कुणा आजीचा स्वेटर. लोक हसायचे, तोही हसायचा. एक दिवस तो धुलाईच्या खोलीत गारठलेला आला, एक पाय मागं भिंतीला टेकवून उभा राहिला आणि म्हणाला, "माझं काही आहे का हो यात?"  टाकेवालीनं सुई ओवली आणि इतकी वर्षं सांभाळलेलं ते नाव त्याच्या सदऱ्यावर घालून टाकलं.

"हे तुझं नाव," ती म्हणाली. अर्थही सांगितला.

"चांगलंय," म्हातारा म्हणाला. "कुणी ठेवलं?"

"मी."

त्यानं तिच्याकडं नीट पाहिलं. "मग तू माझी आई," तो म्हणाला. बाईच्या बोटाला सुई टोचली, तिला कळलंसुद्धा नाही.

सगळ्या आश्रमाला विषयच मिळाला. "बाई, लेक तुझ्यापेक्षा दहा वर्षांनी मोठा दिसतोय!" मास्तर म्हणाले. असू दे. नावं ठेवणाऱ्यांचं तोंड कोण धरणार? म्हातारा त्या नावानं हाक मारली की वळायचा, पोटभर जेवायचा, तिच्याजवळ बसून रुमालांच्या घड्या घालायचा. "आई, ही घडी बरोबर?" असं विचारायचा. बाई इतकी सुखात कधीच नव्हती. तेरा नंबर हळूहळू सगळेच विसरले.

थंडी ओसरत आली तेव्हा एका दुपारी फाटकाशी एक बाई आली. हातात पिशवी, पायात झिजलेल्या चपला. नवरा हरवलाय म्हणाली. तिनं त्याचं नाव-आडनाव सांगितलं. वॉचमन नवा, त्यानं टाकेवालीला बोलावलं, कारण आश्रमातली नावं तिच्याइतकी कुणाला पाठ नव्हती.

"या नावाचं इथं कुणी नाही," टाकेवाली म्हणाली. खरंच नव्हतं.

"मग कुणी बिननावाचा आहे का? दुसरीकडं मी तसंच विचारते. त्यांना आता स्वतःचं नाव आठवत नसेल." ती फाटकाचा गज धरून उभी होती. "उंच आहेत. एक पाय भिंतीला टेकवून उभे राहतात. म्हणून मी त्यांना बगळोबा म्हणायची, लग्न झाल्यापासून. ते नाव फक्त माझं, दुसरं कुणी म्हणत नाही. एवढी एक हाक मारून बघाल का? वळले तर तेच."

 आतून रुमालांचा ढीग हलवल्याचा आवाज येत होता. एक शब्द पुरे होता. पण टाकेवालीच्या तोंडून निघालं, "नाही हो ताई. इथं बिननावाचं कुणी नाही. सगळ्यांना नाव आहे."

खोटं होतं का? अक्षरानं नव्हतं. म्हणून तर ते जास्त वाईट. त्या बाईनं हात जोडले, पाणी मागितलं, उभ्यानंच प्यायली आणि बसस्टॉपकडं निघाली.

टाकेवाली आत आली. मनाची समजूत घालत होती, की त्याला काय आठवतंय, तो सुखात आहे, आपण कुणाचं काय हिसकावलं? तेवढी खात्री करून घ्यावी आणि हा विषय मनातून काढून टाकावा, असं तिला वाटलं. म्हातारा पाठमोरा उभा होता. तिनं हळूच, जवळजवळ तोंडातल्या तोंडात म्हटलं, "अहो बगळोबा."

तो वळला. त्याच्या हातातले रुमाल खाली पडले.

"अगं, होतीस कुठं?" तो म्हणाला. आवाजच वेगळा होता, घरच्या माणसाचा. "किती वाट बघायची माणसानं? दारात उभं राहून पाय दुखले माझे." आणि त्यानं तिचा हात दोन्ही हातांत धरला आणि रडायला लागला. आई म्हणून नव्हे. इतके दिवस हा हसरा माणूस आतल्या आत नुसता वाट बघत होता, हे तिला तेव्हा कळलं, आणि तिला स्वतःची घृणा आली.

हात सोडवून ती धावली. बस गेली होती.

मग ती मॅनेजरबाईंपुढं उभी राहिली आणि सगळं सांगितलं, काहीही राखून न ठेवता. बाई संतापल्या, बोलायचं ते बोलल्या. टाकेवालीनं ऐकून घेतलं. पोलिसांकडून सगळ्या हकिगतीसकट निरोप गेला आणि बायको परत आली. या खेपेला ती फाटकातून धावतच आत शिरली.

"अहो बगळोबा!"

म्हाताऱ्यानं तिच्याकडं पाहिलं, आदबीनं मान लववली आणि टाकेवालीच्या मागं सरकला. "कोण गं या बाई?" त्यानं टाकेवालीला विचारलं. "तुझ्या ओळखीच्या आहेत?"

बायकोनं पुन्हा हाक मारली. मग तिसऱ्यांदा, मोठ्यानं. तो गोंधळला, घाबरला, टाकेवालीचा पदर धरून म्हणाला, "माझी बायको इथंच आहे. तुमचा काहीतरी घोळ होतोय."

  बायको टाकेवालीला म्हणाली, "त्यांना तुम्ही तुमच्याजवळचं नाव घातलंत, ते मी सोसलं असतं. बिनफितीचा माणूस, थंडीचे दिवस. दया आली असेल तुम्हाला. पण माझी हाक माझ्या तोंडून आधी ऐकायला हवी होती त्यांनी. एवढी एकच वस्तू होती माझी, आणि ती मी आपण होऊन तुमच्या हातात दिली."

टाकेवाली पाया पडायला वाकली. बायको मागं सरली.

"ते नको. बरोबर चला. तुमच्याशिवाय ते गाडीत बसायचे नाहीत."

म्हणून मग तिघं बसमध्ये बसली. म्हातारा खिडकीशी, त्याच्याशेजारी टाकेवाली, आणि मागच्या बाकावर पिशवी मांडीवर घेऊन त्याची बायको. तो खुशीत होता. घरी गेल्यावर काय काय करायचं ते टाकेवालीला सांगत होता: पडवीचं दार घासतं ते तासायचं, विहिरीचा दोर बदलायचा. प्रत्येक वाक्यामागं "नाही का गं?" म्हणायचा, आणि टाकेवाली काही बोलायच्या आत मागच्या बाकावरून हलकेच उत्तर यायचं, "हो."