आकडे घातलेले वासे
कणकेच्या खळीचा वास आला की मला धरणासाठी मोडलेलं आमचं घर आठवतं. पाणी चढायच्या आत वडील छपराचे वासे उतरवत होते आणि मी उघड्या पडलेल्या ओटीवर लग्नपत्रिकेच्या जाड कागदाचा घन शाळेसाठी करत होते. सहाही चौकोन दुमडले, पण खळ लावून चिकटवायच्या पट्ट्याच मी कापून टाकल्या होत्या. घन पुन्हा पुन्हा उलगडायचा. रडून रडून माझा आवाज बसला. वाशावर डांबरानं आकडा घालत वडील म्हणाले, "तूबी आकडे घालून ठेव. जागा ठरली की ज्याचं त्याला जोडायचं." पट्ट्यांशिवाय आकड्यांचा काही उपयोग नव्हता, तरी मी ते घातले. विंझरला भाड्याच्या खोलीमागं ते वासे अजून रचून ठेवलेत. डांबराचे आकडे स्वच्छ वाचता येतात. जागा तेवढी ठरायची आहे.