पिंजौरच्या पेंटरचं बोलणं

एका जागी बसणं मला कधी जमलं नाही. साताऱ्याहून चंदीगडला दोन महिन्यांच्या कामासाठी आले, ती अजून इथेच आहे. धंदा फिल्म एडिटिंगचा, पण पोस्टर रंगवते, आवाज साफ करते, सबटायटल्सही लिहिते. सकाळी मोहालीच्या नॉलेज सिटीतल्या, म्हणजे विज्ञानसंस्थांच्या वसाहतीतल्या प्राध्यापकांची भाषणं, दुपारी कुणाच्या लग्नातला भांगडा. आई फोनवर म्हणते, तुझ्या पायाला भिंगरी आहे. पायाचं ठीक आहे, माझी बोटंच जास्त शिवशिवतात. कुणाचं बोलणं जरा लांबलं की ते कापावंसं वाटतं. गप्पांमध्येही मी समोरच्याची वाक्यं पुरी करून टाकते.

स्वतःची म्हणावी अशी एकच फिल्म मी केली, चंदीगडजवळच्या पिंजौर गावातल्या एका म्हाताऱ्या पेंटरवर. दुकानांच्या पाट्या ते अजून हातानं रंगवतात. मी त्यांना बाऊजी म्हणते. ते अडखळत बोलतात. एकेका शब्दापाशी चार-चार सेकंद थांबतात. मोहालीतल्या एका संस्थेनं कार्यक्रमात वीस मिनिटं दिली होती. माझ्या नावानं पहिल्यांदाच काही दाखवलं जाणार होतं आणि फिल्म होती सत्तावीस मिनिटांची. मग मी बाऊजींची एकेक अडखळ शोधून कापली, सांधे ब्रशच्या दृश्यांखाली लपवले. बाऊजी घडाघडा बोलायला लागले. मी स्वतःवर भलतीच खूश होते.

लॅपटॉप घेऊन बसनं पिंजौरला गेले. बाऊजींनी फिल्म पाहिली आणि ते ब्रश धुवायला उठले. मी त्यांच्या बायकोला, आंटीजींना विचारलं, कशी वाटली.

"बेटा, चालीस साल मैंने इनकी बात पूरी होने का इंतज़ार किया है," त्या म्हणाल्या. "वो सब तूने कहाँ फेंक दिया?"

परतीच्या बसमध्ये आधी राग आला. यांना एडिटिंगमधलं काय कळतं? चंदीगड येईपर्यंत तो राग माझ्यावरच उलटला आणि मला रडू फुटलं.

तीन दिवस बसून सगळ्या अडखळी परत जागच्या जागी लावल्या. फिल्म पुन्हा सत्तावीस मिनिटांची झाली. संस्थेनं गोड शब्दांत नकार कळवला. फार वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू?

मग पुन्हा पिंजौर. या वेळी दोघांनी शेवटपर्यंत पाहिली. लॅपटॉप बंद केल्यावर बाऊजी बोलू लागले, "ब... ब..."

बढ़िया? बकवास? बस? तिन्ही शब्द माझ्या जिभेवर तयार होते. मी ओठ मिटून घेतले. आंटीजी शांत बसून होत्या, मीही थांबले. इतकी कुणासाठी कधी थांबले नव्हते.

"बैठो," बाऊजी म्हणाले. "ए... एक बार और दिखाओ."

तेव्हा लक्षात आलं, बॅग खांद्याला लावून मी केव्हाचीच उभी राहिले होते. मी बॅग खाली ठेवली आणि बसले.