पायांवरची शाल

धरमपेठेतल्या त्या बंगल्यात पाया पडण्याची तऱ्हाच न्यारी होती. बाईसाहेब, म्हणजे सरदार घराण्यातल्या अरुंधतीबाई, दिवाणखान्यात लोडाला टेकून बसलेल्या असायच्या. कमरेखाली काश्मिरी शाल. मे महिन्यात अख्खं नागपूर भाजून निघत असलं तरी शाल असायचीच. येणारा वाकायचा, शालीच्या काठाला बोटं लावायचा आणि ती बोटं कपाळाला टेकवायचा. पायाला हात म्हणून लागायचा नाही. घरातल्या बायकांचे पाय परक्याच्या दृष्टीला पडू नयेत अशी भोसल्यांच्या अमदानीपासूनची रीत आहे, असं थोरले भाऊ भैयाजी सांगायचे. ऐकणारे माना डोलवायचे. मोठ्या घरच्या रीतीला कोण कशाला उलट विचारतो!

रीत-बीत काही नव्हती. बाईसाहेब तीन वर्षांच्या असताना तापानं फणफणल्या, आणि ताप गेला तो पाय घेऊनच गेला. गुडघ्याखाली नुसत्या काड्या राहिल्या. धाकट्या बहिणींची लग्नं व्हायची होती, घराण्याचं नाव सांभाळायचं होतं, म्हणून भैयाजींनी आधी शाल काढली आणि मग तिला साजेशी रीत काढली. मालगुजारी गेली, हत्तीखाना गेला, पण ही रीत मात्र टिकली.

कोणीही आलं तरी बाईसाहेब उठून उभ्या राहत नसत. त्यामुळे गावात त्यांचं नाव माजोरी म्हणून पडलं होतं. त्यांच्या कानावर ते यायचं.

"म्हणू दे गं माजोरी," त्या भीमाबाईला म्हणायच्या. "लंगडी तर म्हणत नाहीत ना."

भीमाबाई नागपुरातल्याच इंदोरा वस्तीतली. नवरा देवराव गिरणीत. छप्पन साली दोघांनी बौद्ध धम्माची दीक्षा घेतली, त्या दिवसापासून भीमाबाईनं माणसाच्या पाया पडणं सोडलं. एकसष्ट साली बंगल्यावर कामाला आली तेव्हा दारातच तिनं भैयाजींना सांगून टाकलं, "सांगसान ते काम करीन. पाया पडणार नाही." भैयाजींनी तोंड कडू केलं. पण आधीच्या बाईची कंबर धरली होती आणि ही अंगापिंडानं दणकट होती. तेव्हापासून बाईसाहेबांना उचलायचं काम भीमाबाईकडे आलं. पलंगावरून न्हाणीत, न्हाणीतून दिवाणखान्यात, दिवाणखान्यातून मोटारीत. गंमत बघा, सगळं गाव त्या पायांना नमस्कार करी आणि गावाला ते माहीत नव्हते. जी नमस्कार करत नव्हती तिलाच ते माहीत होते. रोज तेल लावून चोळायची ती.

एक गोष्ट मात्र भीमाबाईनं बंगल्यात कधी सांगितली नव्हती. तिच्या प्रेमिलाचेही पाय तसेच होते. पोरगी दोन वर्षांची असताना तसाच ताप आला आणि तसाच गेला. दिवसभर भीमाबाई परक्या बाईला कडेवर घेऊन फिरायची, आणि तिची स्वतःची पोर इंदोऱ्यात अंगणाच्या मातीत हातांवर घसरत असायची. वस्तीतल्या बाया विचारायच्या तर "पडली, लागलं, होईन बरं" असं सांगून ती लुगड्याचा पदर पोरीच्या पायांवर ओढायची. बाईसाहेबांना हसण्याचा तिला काही हक्क नव्हता, आणि हे तिला कळत होतं.

एकदा देवरावाची पाळी दिवसाची आली, शेजारीण गावाला गेली, म्हणून भीमाबाईनं पोरीला बंगल्यावर आणलं आणि मागच्या ओट्यावर बसवलं. बस म्हटल्यावर बसेल ती पोर कसली! घसरत घसरत दिवाणखान्यात पोचली, बाईसाहेबांच्या बैठकीशी थांबली, आणि कोणी काही म्हणायच्या आत तिनं शालीचं टोक वर केलं.

"आई वं!" ती ओरडली. "हिचे बी माह्यासारखेच हायेत!"

भीमाबाईच्या हातातलं तांब्याभर पाणी सांडलं. आता नोकरी गेली, असं तिला वाटलं. बाईसाहेबांनी पोरीचे पाय पाहिले, मग भीमाबाईकडे पाहिलं.

"इतकी वर्षं मला उचलतेस," त्या म्हणाल्या, "आणि हिला कोण उचलतं?"

भीमाबाईनं पुढे होऊन पोरीला कडेवर घेतलं.

तिथून बाईसाहेबांचं दुसरं आयुष्य सुरू झालं. प्रेमिलाला शाळेत घालायचं तर वर्ग माडीवर. हेडमास्तर म्हणाले, अशा मुलांसाठी वर्ग खाली आणता येत नाही. बाईसाहेबांनी त्यांना बंगल्यावर चहाला बोलावलं. चांदीच्या किटलीतला चहा पिऊन हेडमास्तर परत गेले आणि वर्ग खाली आला. मग दुसऱ्या शाळा, मग इस्पितळातले पायाला बांधायचे कॅलिपर, एसटीतली बसायची जागा, टायपिंगचे वर्ग. कोराडीला कोळशाच्या ट्रकखाली पाय गेलेला धोंडबा यायचा, मौद्याची आंधळी यमुताई यायची. मंत्री आला तरी बाईसाहेब सोडत नसत. "अपंगांना दया नको, दार हवंय," असं त्या ठणकावून सांगायच्या. पेपरात फोटो यायचा. काय मोठं मन म्हणायचं, स्वतःला काही कमी नाही आणि दुसऱ्यासाठी एवढं झिजतात, असं लोक बोलायचे.

कारण फोटोत शाल होती, आणि चाकांची खुर्ची लोकांना सरदारी थाटच वाटायची. एवढं सगळं करताना बाईसाहेब कायम 'ते लोक' म्हणायच्या. 'आम्ही' हा शब्द त्यांच्या तोंडून कधी निघाला नाही. भीमाबाईला ते खुपायचं. एकदा तिनं हिंमत करून म्हटलंही, "बाईसाहेब, एकदा सांगून काहून नाही टाकत?"

"सरदाराची मुलगी म्हणून दार उघडतात, भीमे," त्या म्हणाल्या. "पांगळी म्हणून गेले तर तुझ्या पोरीसारखं मलाही बाहेर बसवतील."

यात खोटं काही नव्हतं.

एक्याऐंशी साल उजाडलं. अपंगांचं आंतरराष्ट्रीय वर्ष म्हणून सरकारदरबारी एकदम उमाळा आला. एका मोठ्या कचेरीला दगडी पायऱ्यांच्या बाजूनं सिमेंटचा उतार करून द्यावा, असा बाईसाहेबांनी कधीपासून घोशा लावला होता. अपंगांसाठी राखीव जागांच्या मुलाखती तिथंच व्हायच्या, आणि प्रेमिला आता मॅट्रिक होऊन टायपिंगची परीक्षा पास झाली होती. कचेरीनं उतार बांधला. चांगला रुंद, दोन्ही बाजूंना कठडा, आणि तोंडाशी लोखंडी फाटक. फाटकाला कुलूप.

तिथल्या साहेबाचा समज सरळ होता. सरदार घराण्याच्या बाईसाहेब खुर्चीतून येतात, त्या काही पायऱ्या चढून येणार नाहीत, त्यांच्या इतमामासाठी हा रस्ता. रस्त्यात सायकली लावून लोकांनी तो घाण करू नये, म्हणून कुलूप. त्याच्या मते त्यानं मानच केला होता. उद्घाटनाला चपराशी नत्थूनं कुलूप काढलं, वाकून सलाम केला, बँड वाजला, आणि बाईसाहेबांची खुर्ची वर गेली. मागून नत्थूनं पुन्हा कुलूप घातलं. बाईसाहेबांनी ते पाहिलं. भीमाबाईनंही पाहिलं. सलाम, बँड, हार, त्या सगळ्याची भूल पडली असावी. बाईसाहेब हसल्या आणि काही बोलल्या नाहीत.

पुढच्या पावसाळ्यात प्रेमिलाला मुलाखतीचं बोलावणं आलं. ती एकटीच गेली. आई बंगल्यावर कामाला होती, आणि "उतार झाला नं आता, मी जातो माही माही," असं म्हणून पोरगी हरखली होती. पायात कॅलिपर, काखेत कुबड्या, निळं पातळ. फाटकाशी नत्थूनं तिला अडवलं.

"इकडून नाही, बाई. हा बाईसाहेबायचा रस्ता हाय."

"मी त्यायच्याच इथली हावो गा."

"सगळेच म्हणतेत. किल्ली साहेबापाशी हाय. मी काय करू?"

नत्थूचं तरी काय चुकलं! त्याला सांगितलं होतं तेच तो करत होता. मुलाखतीची वेळ होत आली होती. प्रेमिला पायऱ्यांकडे वळली. पायऱ्या ओल्या होत्या. बऱ्याच चढून गेली म्हणतात. वरच्या पायरीशी कुबडी सटकली आणि ती तशीच उलटी खाली आली. डोक्याला मार. दवाखान्यात नेली तेव्हा श्वास होता, दुसऱ्या दिवशी तोही राहिला नाही.

मयतीला अख्खी वस्ती जमली. भीमाबाईनं पोरीला निळं पातळ नेसवलं, वरून स्वतःचं लुगडं आणून पायांवर घातलं, चारी बाजूंनी नीट खोचलं. लोकांनी बघू नये म्हणून. एवढ्या दुःखातसुद्धा हात सवयीनं तेच करत होते. त्यानंतर ती बंगल्यावर गेली नाही. निरोप आले, मोटार आली. देवराव म्हणाला, "जा वं, त्यायचं कोण हाय?" ती म्हणाली, "त्यायचा रस्ता हाय नं."

दिवाळी झाल्यावर एका सकाळी मोटार पुन्हा गल्लीच्या तोंडाशी थांबली. ड्रायव्हरनं बाईसाहेबांना उचलून आणलं आणि भीमाबाईच्या ओट्यावर बसवलं. वस्ती गोळा झाली. बाईसाहेबांच्या पायांवर शाल नव्हती. लोक बघत होते आणि त्या बघू देत होत्या.

"मी कुलूप पाहिलं होतं," त्या म्हणाल्या. "तेव्हाच बोलायला हवं होतं. बरं वाटलं मला, म्हणून नाही बोलले."

"मीनं बी पायलं होतं," भीमाबाई म्हणाली. तिचा आवाज दगडासारखा होता.

"मी कचेरीत चालले आहे. तुम्ही या. उचलू नका, नुसत्या या."

वीस वर्षांत पहिल्यांदा त्यांनी तिला तुम्ही म्हटलं होतं. भीमाबाईनं पदर खोचला आणि मोटारीत बसली.

मोटार पाहताच नत्थू किल्लीसाठी धावला, कुलूप निघालं, सलाम झाला. बाईसाहेबांनी ड्रायव्हरला पायऱ्यांशी बसवायला सांगितलं. पायऱ्यांकडे पाठ करून त्या खालच्या पायरीवर बसल्या, दोन्ही तळवे मागच्या पायरीवर टेकले आणि अंग वर ओढलं. मग पुढची. पाय मागून लोंबत येत होते, दगडावर घासत होते, टाचेतून रक्त निघालं. गर्दी झाली. कोणी हसलं, कोणी तोंड फिरवलं. अर्ध्यावर त्यांचा जोर संपला, आणि त्यांनी भीमाबाईकडे पाहिलं. भीमाबाईचे खांदे पुढे झाले होते, सवयीनं. पण तिनं उचललं नाही. इथून माही पोर एकटी चढली होती, एवढं एकच तिच्या मनात होतं. बाईसाहेबांनी मान हलवली आणि पुन्हा तळवे टेकले.

साहेब धावत आला. "अहो बाईसाहेब, हे काय! तुमच्यासाठी फाटक उघडलंय ना!"

"ती आली तेव्हा काहून नाही उघडलं?" बाईसाहेबांना धाप लागली होती. "मीही पांगळीच आहे. आम्ही सगळे पांगळे आहोत. लिहून घ्या."

फाटक त्याच आठवड्यात बिजागऱ्यांसकट उखडलं गेलं. मग धोंडबा त्या उतारावरून गेला, यमुताई गेली, कोण कुठले लोक गेले. भीमाबाईला आनंद झाला म्हणावं, तर तो झाला नाही. कुलूप निघालं म्हणून पोरगी काही परत येत नव्हती. भीमाबाई पुन्हा कामावर गेली, कारण रिकामे हात तिला खायला उठायचे. दोघी फारशा बोलायच्या नाहीत. तेल लावताना कधी बाईसाहेब रडायच्या, कधी भीमाबाई. शाल कपाटात पडून राहिली. भैयाजींनी त्या पायऱ्यांपायी बहिणीशी बोलणं टाकलं होतं.

शहाऐंशीच्या उन्हाळ्यात बाईसाहेब गेल्या. मूत्रपिंडाचं दुखणं होतं, हाल झाले. दिवाणखान्यात त्यांना ठेवलं तेव्हा भैयाजींनी स्वतः कपाट उघडून काश्मिरी शाल काढली आणि बहिणीच्या पायांवर घातली. नातेवाईक, अधिकारी, पेपरवाले, सगळे रांगेनं येऊ लागले, वाकू लागले, शालीच्या काठाला बोटं लावू लागले. कोपऱ्यात धोंडबा कुबडीवर उभा होता. पुन्हा सगळं पहिल्यासारखं झालं होतं.

भीमाबाई आतून आली. रांगेतल्या माणसाला बाजूला सारून तिनं शाल ओढली. ते वाळके, वाकडे पाय उघडे पडले. टाचेवर जुन्या जखमेचा वण होता.

"भीमे!" भैयाजी ओरडले. "झाक ते आधी!"

भीमाबाईनं शालीची घडी घातली. बाईसाहेबांच्या पाया ती आजही पडली नाही.

"माह्या पोरीचे मीनं झाकले, भैयाजी," ती म्हणाली. "यायचे नाही झाकू देत."