गंगामावशींनी पिशवी बंद केली नाही

मागच्या महिन्यात दुपारी जेवायला बसलो होतो, तेवढ्यात सरकारी दवाखान्यातल्या सिस्टरचा फोन आला. "गंगामावशी गेल्या. सकाळी झोपेतच." मी "बरं" म्हणालो आणि ताटातली भाकरी संपवली. बायकोनं विचारलं, कोण गेलं? तिला सांगितलं आणि हात धुवायला उठलो. रडू का आलं नाही, हे मला अजून कळलेलं नाही…

सोलापूर जिल्ह्यातल्या एका छोट्या गावात मी पोलीस हवालदार. मावशी तिथल्या दवाखान्यात कामाला. मयताला पुसायचं, गुंडाळायचं, हे काम त्यांच्याकडे. कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत माणसं अशी जात होती की नातेवाईक फाटकातूनच हात जोडायचे. अशाच एका सकाळी एक माणूस आपल्या तरुण बायकोला, रेखाला, टेम्पोतून घेऊन आला. ताप होता, दम लागला, वाटेतच गेली, म्हणाला. डॉक्टर एकटे, आत ऑक्सिजनसाठी आरडाओरडा. त्यांनी कागदावर 'संशयित कोरोना' लिहिलं. मावशींनी मयताच्या पिशवीची चेन छातीपर्यंत ओढली आणि हात थांबवला. मग काही केल्या पिशवी बंद करेनात. रेखाचा नवरा ओरडायला लागला, तेव्हा कुणीतरी मला बोलावलं.

मी दारातच उभा राहिलो. खरं सांगतो, आत जायची भीती वाटत होती.

"हवालदार, आत या की. तितनं काय दिसनार हाय?"

"मावशी, कोरोनाची केस आहे…"

"ही तापानं मेलेली न्हाय. गळा बगा."

गेलो. पदर बाजूला केला होता. कानाखालून दोरीचा वळ गेला होता.

पंचनाम्याला पंच मिळेनात. कोरोनाच्या खोलीत कोण येणार? "मी माणसं आणतो, तोवर इथून हलू नका," असं मावशींना मीच सांगितलं. संध्याकाळपर्यंत त्या तो प्लास्टिकचा पोशाख घालून, पाणीसुद्धा न पिता, रेखाच्या उशाशी बसून होत्या. त्यांचा स्वतःचा नवरा घरी तापानं फणफणला होता. त्यांनी सांगितलं नाही. मीही विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी त्याला त्याच दवाखान्यात आणलं आणि चौथ्या दिवशी तो गेला. त्यालाही मावशींनीच गुंडाळलं.

शवविच्छेदनात गळा आवळल्याचं निघालं. चाचणीत कोरोना नव्हताच. तपासाला गेलो तर गल्लीतली दारं बंद. "आमी काय बगितलं न्हाय," एवढंच खिडकीतून ऐकू यायचं. दोन आठवडे रोज त्या गल्लीत जात राहिलो. शेवटी शेजारच्या बाईनं खिडकीच्या फटीतून सांगितलं, की पहाटे रेखा ओरडली होती, आणि आपण दार वाजवल्यावर तिच्या नवऱ्यानं "कोरोना हाय, लांब व्हा" म्हणून आपल्याला हाकललं होतं. पुढं कोर्टात वकिलानं मावशींना विचारलं, "तुम्ही डॉक्टर आहात का?"

"न्हाय. पन तापाच्या मान्साला दोरीचा वळ उटत न्हाय, एवडं कळतं की."

रेखाच्या नवऱ्याला जन्मठेप झाली. निकालाच्या दिवशी तिचे वडील मावशींच्या पाया पडायला वाकले. मावशींनी पाय मागं घेतले.

परत येताना जीपमध्ये मी एकदाचं विचारलं, "त्या दिवशी मी थांबवलं नसतं, तुम्ही घरी गेला असता, तर…" त्या बाहेरच्या ज्वारीकडे बघत म्हणाल्या, "मी गेले असते तर ती तशीच जळाली असती. आमचं मालक वाचलं असतं का, कुनाला ठावं." मग म्हणाल्या, "तुमी बी लई इचार करू नका." मी केलाच नाही. तेव्हापासून कशाचाच धड विचार होत नाही.

परवा एका अपघाताच्या पंचनाम्यासाठी दवाखान्यात गेलो. मावशींच्या जागी त्यांच्याच हाताखाली शिकलेली नवीन बाई आली आहे. मयताच्या तोंडावर कापड ओढता ओढता तिनं मला विचारलं, "नाव काय ह्यांचं?"

"कशाला?"

"मावशींनी शिकवलंय. नाव घेऊन, 'जाऊन या' म्हनायचं, मग झाकायचं."

हायवेवर सापडलेला माणूस होता. खिशात काहीच नव्हतं. मी तिला तसं सांगितलं. ती कापड हातात धरून उभी राहिली, आणि मीही… दोघांनाही पुढं काय करायचं ते सुचेना.