खालच्या गावाला वर्दी

कॉलेजात मी राज्यशास्त्र शिकवलं, आणि त्यातही जास्त जीव लावून नद्या शिकवल्या. म्हणजे अनेक देशांतून वाहणाऱ्या नद्या, आणि त्या वाटून घेण्यासाठी माणसांनी केलेले तह, करार, आयोग. अभ्यासक्रमात त्याचा एकच धडा होता, पण मी तो ताणताणून शिकवायचो. मुलं जांभया द्यायची. आता निवृत्त झालोय, आणि जांभया मला येतात.

विषयाचा कंटाळा नाही आला, पावसाळ्याचा आला. श्रावण तोंडावर आला की कोल्हापुरात, मंगळवार पेठेतल्या आमच्या गल्लीत ये रे माझ्या मागल्या सुरू होतं. 'सर, यंदा काय म्हणतंय पाणी?' जसं काही पाणी मला विचारून येतं. संध्याकाळी लोक बायकापोरांना घेऊन नदीला पाणी बघायला जातात, येताना भजी खातात आणि कट्ट्यावर बसून निकाल देतात : खालच्या राज्यातलं धरण पाणी तुंबवतं म्हणून कोल्हापूर बुडतं. सीमेपलीकडे, कर्नाटकात, जिथं माझी थोरली बहीण दिली आहे, तिथल्या कट्ट्यावर तितक्याच खात्रीनं सांगतात की महाराष्ट्र वरून दारं उघडतो म्हणून आम्ही बुडतो. मी दोन्ही कट्ट्यांवर बसलोय. दोन्हीकडे चहा सारखाच गोड आणि आवाज सारखाच चढलेला असतो. दोघांचंही थोडं खरं असतं, पण ते ऐकून घ्यायला दोघांनाही सवड नसते.

आमची पंचगंगा नरसोबाच्या वाडीला कृष्णेत मिळते, आणि थोडं पुढं जाऊन कृष्णा राज्य बदलते. आक्काचं गाव तिथून खाली, अगदी काठाला. भावजी जाऊन बरीच वर्षं झाली. मुलगा बंगळूरला नोकरीला. घरात आक्का आणि गोठ्यात एक म्हैस. मागच्या मोठ्या पुरात पाणी घरात शिरलं तेव्हा ती माळ्यावर चढून बसली. होडी आली ती दुसऱ्या दिवशी. जवानांनी तिला खिडकीतून काढलं. 'पोत्यागत उचललं मला,' असं ती आजही सांगते, आणि त्यात तक्रारीपेक्षा अपमान जास्त असतो. तेव्हापासून आमच्या घराला पावसाळ्यात एकच घोर : पाणी यायच्या आत आक्काला तिथून काढायचं कसं.

म्हणाल, यात काय अवघड आहे? एसटीत बसायचं आणि माहेरी यायचं. पण आक्का जुन्या वळणाची. सासरची बाई आपल्या पायानं माहेरी येत नाही, तिला न्यायला माहेरचं माणूस यावं लागतं. त्या माणसाला आमच्याकडं मुराळी म्हणतात. नागपंचमीला भाऊ मुराळी म्हणून जायचा, बहीण यायची, झोके, फुगड्या, पुरणाची दिंडं व्हायची, आणि भाऊच तिला परत पोचवून यायचा. आणि नेमकी पंचमीलाच नदी फुगते. नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्नं तशी आमची पंचमी : कधी पूल बंद, कधी गाड्या बंद, कधी माझे गुडघे. मग मुराळी राहिला आणि फोन आला.

वरच्या राधानगरी धरणाचे दरवाजे उघडले की मी आक्काला फोन करायचो. किती उघडले, राजाराम बंधाऱ्यावर पाणी किती फुटांवर आहे, तुमच्याकडं साधारण केव्हा पोचेल, सगळं. ती 'हां तम्मा, हां तम्मा' करत ऐकून घ्यायची; तिच्या सासरच्या कानडीत तम्मा म्हणजे धाकटा भाऊ. शेवटी मी म्हणायचो, 'मग येतीस न्हवं?' ती म्हणायची, 'फोन काय मुराळी हाय व्हय रं?' पालथ्या घड्यावर पाणी.

खरं सांगतो, मला तिचा राग यायचा. कारण मी आयुष्यभर वर्गात ऊर बडवून सांगितलं होतं की नदीच्या सगळ्या शहाणपणाचं मूळ वर्दीत आहे. वरच्यानं खालच्याला वेळेत कळवायचं. युरोपातले राजे लढून लढून थकले, मग एका टेबलाशी बसले आणि ऱ्हाईन नदीवर सगळ्यांच्या नावा मोकळ्या चालाव्यात म्हणून त्यांनी आयोग नेमला. तो अजून चालू आहे. पण नावा चालवण्यापुरते शहाणे झालेले हे देश पाण्याच्या बाबतीत झोपलेलेच होते. वरच्या देशात रसायनांच्या एका गोदामाला आग लागली, विष नदीत गेलं, पाणी लाल झालं, मासे मेले, आणि खालच्यांना खबर मिळाली ती उशिरा. वरातीमागून घोडं. मग कुठं सगळे खडबडून जागे झाले. अमेरिका आणि कॅनडानं तर दोन्हीकडची सारखी माणसं घेऊन शंभराहून अधिक वर्षं एक मंडळ चालवलंय. सिंधूचा करार युद्धं होऊनही टिकला, याचं मी वर्गात केवढं कौतुक करायचो! आता तोही स्थगित ठेवलाय. साऱ्या जगासाठी म्हणून जो मोठा करार झाला, त्याचा मसुदा करण्यात एक पिढी गेली आणि त्यावर पुरेशा सह्या होण्यात दुसरी म्हातारी झाली. धडा संपला की मागच्या बाकावरचा कुणीतरी विचारायचा, 'सर, पण पाळतात का?' मी म्हणायचो, 'बऱ्याचदा.' हल्ली कुणी विचारत नाही ते बरं आहे.

यंदा पंचमीच्या आधीच पावसानं झोडपायला सुरुवात केली. भाच्याचा बंगळूरहून फोन आला. 'मामा, आई माझं ऐकत नाही. मी येईपर्यंत पूल बंद होईल. तुम्ही बघा काहीतरी.' आवाज रडवेला होता. बायको म्हणाली, 'जाऊन या. फोन करून करून दमलात, आता जाऊन दमा.' मी इचलकरंजीला गाडी बदलली आणि दुपारी आक्काच्या दारात उभा राहिलो. वाटेत कृष्णेचं पाणी गढूळ, जोरात, पण पुलाच्या बरंच खाली होतं.

आक्का गोठ्यात वैरण टाकत होती. मला बघून तिला आनंद झाला, पण तो तिनं कुणाला दिसू दिला नाही. चहा टाकला. मी बाहेरच्या सोप्यात बसून सुरू केलं, 'राधानगरीची दारं...'

'टीव्हीत सांगितलंय ते.'

'कोयनेतनं बी सोडणार हायेत. दोन्ही पाणी एकदम आलं तर पूल बंद हुईल.'

'हुईल की. दर वर्साला हुतोय.'

'आक्का, चल. न्यायला आलोय मी.'

'पंचमी फुडं हाय. तवा ये.'

'तवा पूल बंद असतोय!'

'मग तू पाण्याला भिऊन आलायस. मला न्यायला न्हाय आलास.' तिनं कप माझ्यासमोर ठेवला. 'पाण्याला भिऊन आलेली बाई म्हणून मी माहेरच्या गल्लीत पाय ठेवू व्हय? तुझ्या दारात बसून काय सांगू बायकास्नी?'

माझं डोकं फिरलं. शिकवायची सवय, त्यामुळं आधी मुद्दे आठवले. एकही मुद्दा तोंडातून निघाला नाही. निघालं ते वेगळंच.

'मी दमलोय आक्का,' मी म्हणालो. 'मला न्हाय जमत हे आता. तू माळ्यावर बसली हुतीस तवा मी तिकडं जेवलो न्हाय. बातम्या लावल्या की तुझ्या गावाचं नाव येतंय का म्हणून टीव्हीम्होरनं उठत न्हवतो. आईबा गेले, दादा गेला. तू गेलीस तर मला तम्मा म्हणणारं कोण ऱ्हायलंय? मला भ्या वाटतंय. पाण्याचं न्हाय, तुझं.'

आक्का उभी होती ती तशीच उंबऱ्यावर टेकली. बाहेर पाऊस पत्र्यावर पडत होता.

'इतकी वर्सं फोनवर फूट सांगितलास,' ती म्हणाली. 'दारं सांगितलास. ह्ये न्हाय कवा सांगितलास.'

'तुला कळत न्हवतं व्हय?'

'कळत हुतं. पण कुणी तोंडानं सांगाय बी पायजे की.'

ती उठली. वरच्या आळीतल्या शेजारणीला हाक मारून तिनं म्हैस तिच्या गोठ्यात नेऊन बांधली. कधी धार काढायची, कडबा किती, कुठला पाय उचलते, हे सगळं दोनदोनदा बजावलं. पिशवीत दोन लुगडी घातली, देवघरातली अन्नपूर्णा पदरात बांधली, कुलूप घातलं आणि ते ओढून बघितलं. शेजारणीनं विचारलं, 'कुठं गं चाललीस?' आक्का मोठ्यानं, साऱ्या आळीला ऐकू जाईल अशी म्हणाली, 'मुराळी आलाय माझा.' मला वाटतं, माझ्या सगळ्या नोकरीत मला इतकी मोठी पदवी कुणी दिली नव्हती, आणि ती घेताना मला फक्त झोप येत होती.

गाडीत तिला खिडकीची जागा मिळाली. पूल आला. आक्का वाकून खाली बघू लागली. पाणी अजून तिथंच होतं, दुपारी होतं तेवढंच.

'लई खाली हाय की रं अजून,' ती म्हणाली. 'उगंच आणलास.'

'उतरायचं का मग? सोडू परत?'

'गप बस,' आक्का म्हणाली, आणि पूल संपेपर्यंत तिनं माझं मनगट सोडलं नाही.