उघड्या पाकिटातलं बोलावणं

आमच्या सासरी कुठलीही गोष्ट नुसती होत नसे. आधी तिचं गणित होत असे. धाकट्या नणंदेचं लग्न ठरलं. मुलाकडची माणसं, मुहूर्त, कार्यालय हे सगळं दोन दिवसांत उरकलं आणि पत्रिका टपालाने पाठवायच्या कशा यावर मात्र आठवडाभर खल चालला.

तेव्हा आम्ही कानडी मुलखात, जयनगरला राहत होतो. जयनगर म्हणजे आखलेले रस्ते, मधे मोकळे प्लॉट आणि त्यात चरणाऱ्या म्हशी. घरात मामंजी, सासूबाई, नणंद, आमचे हे आणि धाकटे दीर. दोघेही भाऊ सरकारी कारखान्यात. हे पाळीवर जात, भाऊजी मात्र इंजिनिअर होते. तेव्हा घरातलं गणित त्यांच्याकडे.

माझी शाळा चौथीत सुटली. वडील गेले, आई चार घरी स्वयंपाकाला जाऊ लागली आणि वाटण-घाटणाला मी तिच्याबरोबर. गाव निपाणीकडचं. अशा मुलीला या पुणेकरांनी हुंडा न घेता करून घेतलं, हे उपकार मी तेव्हाही विसरले नव्हते आणि विसरायला कुणी देतही नव्हतं. सासूबाई आल्यागेल्याला सांगत, "आम्ही काही म्हणजे काही घेतलं नाही हो!" मी मान खाली घालून चहा पुढे करी. मनातून धास्ती एकच: आपल्या हातून काही चुकू नये, म्हणजे यांना पस्तावा होणार नाही.

तर पत्रिका. भाऊजींनी सोनाराकडून काटा मागून आणला. एक पत्रिका पाकिटात घालून तोलली, स्लाइड रूल मागेपुढे सरकवला आणि जाहीर केलं, "बुक-पोस्टाने पाठवायच्या. पाकीट चिकटवायचं नाही, झाप नुसती आत खोचायची. निम्म्याहून कमी खर्च!"

"आणि अक्षता?" सासूबाई म्हणाल्या.

"अक्षता नाहीत. वजन वाढतं."

"अरे, लग्नाची पत्रिका आहे की विजेचं बिल?"

शेवटी कोपऱ्याला हळदकुंकवाचं एकेक बोट मंजूर झालं, तेही सुकलेलं. ओल्या कुंकवाचं वजन भाऊजींनी धरलं नव्हतं.

"आणि ऐका," त्यांनी सगळ्यांना बजावलं. "आत हाताने काही लिहायचं नाही. लिहिलं की ते पत्र होतं. मग तिकीट पुरत नाही, पाकीट नॉटपेड जातं आणि घेणाऱ्याला दुप्पट भुर्दंड. वहिनी, समजलं का? चौथीच्या पुस्तकात नसेल हे."

"समजलं, भाऊजी."

मला ते फारच समजलं होतं. आमच्याकडे जवळच्या माणसाला छापील पत्रिका नुसती धाडत नाहीत. कुणीतरी घरी जातं, अक्षता ठेवतं, तोंडाने या म्हणतं. छापील कागद लांबच्यांना, ओळखीच्यांना. माझ्या आईकडे कोण जाणार होतं? मामंजींनी यादी केली त्यात तिचं नाव शेवटून तिसरं, हेडमास्तर आणि जुने घरमालक यांच्या मधे. चार घरी पोळ्या लाटणारी बाई, पण मानाला पक्की. नुसत्या छापील बोलावण्यावर ती विहिणीच्या दारात उभी राहणार नाही, हे मला स्वच्छ माहीत होतं. तिला पाहून तीन वर्षं झाली होती.

पाकिटं भरायचं काम माझंच. दुपारी सगळे कलंडल्यावर मी तिच्या पत्रिकेच्या खाली मोकळ्या जागेत लिहिलं: "आई, हे छापील आहे, पण बोलावणं माझं आहे. नक्की ये." आणि झाप खोचून गठ्ठ्याच्या मधोमध दडवली. नॉटपेडचा भुर्दंड पडला तर आई तो भरेल, पण कुठून भरेल, या विचाराने रात्रीची भाकरी गिळवेना.

दुसऱ्या दिवशी भाऊजी म्हणाले, "वहिनी, पोस्टात चला. तिथे कानडी लागते." तीन वर्षांत या घरातल्या एकाही पदवीधराला कानडीत मीठसुद्धा मागता येत नव्हतं. भाजीवाली, दूधवाला, धोबी हे सगळं खातं माझं. निपाणीकडच्या पोरीचा तेवढा एक उपयोग.

खिडकीतले पोस्टाचे अण्णा वयस्क, नाकाच्या टोकावर चष्मा. त्यांनी गठ्ठा घेतला आणि एकेक झाप उघडून आत डोकावायला सुरुवात केली. मी देवाला म्हटलं, गठ्ठ्याच्या मध्यापर्यंत पोचण्याआधी यांना चहाची सुट्टी होऊ दे.

एक पत्रिका त्यांनी बाजूला काढली. मग दुसरी. मी डोळे मिटले.

"काय करतोय हा?" भाऊजी.

मी डोळे उघडले. बाजूला काढलेल्या दोन्ही पत्रिका माझ्या नव्हत्या. पहिलीवर सासूबाईंचं अक्षर: बहिणीला, येताना आमसुलं आणि सुकं खोबरं आण. दुसरीवर भाऊजींचं, पुण्याच्या मित्राला: इथे काही राम नाही, तुझ्या कंपनीत माझ्यासाठी एक शब्द टाक, पण आमच्या घरी एवढ्यात काही बोलू नकोस. अण्णा पेन्सिलीच्या टोकाने शब्द मोजत होते. मराठी त्यांना येत नव्हती, पण मोजायला भाषा लागत नाही. भाऊजींचे सतरा भरले.

तिसरी पत्रिका त्यांच्या हाताला लागली ती माझी.

"शुभेच्छेचे फार तर पाच शब्द चालतात, अम्मा," ते कानडीत म्हणाले. "जास्तीचे खोडा, नाही तर पत्राचं तिकीट लावा."

मी भाऊजींना सांगितलं. त्यांचे कान लाल झाले. खिशातून त्यांनी नाणी काढली आणि तिकिटं घेतली. दोन. एक आमसुलांना, एक सतरा शब्दांना.

"तुमचे खोडून टाका, वहिनी," पत्रिका माझ्यापुढे सरकवत ते म्हणाले. "तुमच्या आईंना काय, पत्रिका पोचल्याशी मतलब."

ज्यांनी काही म्हणजे काही घेतलं नव्हतं, त्यांच्याकडे तिकीट मागायचं तोंड मला नव्हतं.

खिडकीपाशी दोरीने बांधलेला टाक होता. "अम्मनिगा?" अण्णांनी विचारलं. आईला का? मी मान हलवली. "निधाना," ते म्हणाले. सावकाश. आणि मागच्या माणसाला त्यांनी हाताने थांबवलं.

दहातले पाच ठेवायचे. शाळेत मी एवढा विचार कधी केला नव्हता. "हे छापील आहे, पण" गेले. चार. अजून एक. "आई" खोडवेना, "ये" खोडून चालणार नव्हतं. शेवटी "नक्की"वर रेघ ओढली. टाक फुटका, रेघेचा डागच झाला. उरलं ते असं: आई, बोलावणं माझं आहे. ये.

लग्नाच्या दोन दिवस आधी आई आली. सासूबाईंना आश्चर्य लपवता आलं नाही. "पत्रिका पोचली वाटतं वेळेवर!"

"पोचली की," आई म्हणाली आणि पदर खोचून थेट चुलीपाशी गेली.

भाऊजींच्या सतरा शब्दांना पुरं तिकीट लागलं होतं. मित्राचं उत्तर काही आलं नाही. त्या मजकुराचं मी घरात कुणाला सांगितलं नाही. त्यानंतर त्यांनी चौथीचं पुस्तकही पुन्हा काढलं नाही.

दुपारी मागच्या दारी पापड वाळत घालताना आईने कमरेची पिशवी सोडून पत्रिका काढली. चार घड्या पडलेली. आईला वाचता येत नव्हतं.

"शेजारच्या मास्तरांनी वाचून दाखवलं," ती म्हणाली. "पण निघायचं माझं त्याआधीच ठरलं होतं. एवढ्या देखण्या छापील कागदावर माझ्या लेकीने खाडाखोड केलीय. म्हटलं, हिला कुणी बोलू देत नाही, आपण जाऊन बघून यावं." मग डागावर बोट ठेवून तिने विचारलं, "इथे काय होतं गं?"

"नक्की."

"आणि इथे?"

"हे छापील आहे, पण."

"खुळी!" आई म्हणाली. "ते सांगायला शाई कशाला घालवलीस? छापील आहे ते मलासुद्धा दिसतं."